पेटारीचा ठसा

सोनगीर,
१९ नोव्हेंबर २०२४

नूतन,

काल तुझा फोन आला तेव्हा मी गिरणीवरून दळण घेऊन येत होते. दोन वर्षांनी तुझं नाव फोनवर दिसलं आणि डोक्यावरचा डबा उतरवायचंही सुचलं नाही, तशीच रस्त्यात उभी राहिले. मी नीट बोलले नाही असं तुला वाटलं असेल. गिरणीचा आवाज होता.

तू म्हणालीस तसंच करते. फोन करणार नाही. तो मनूच्या हातात असतो हे लक्षात आलं. लिहून पाठवलेलं मलाही बरं. मला लिहिता येतं ते माझ्या प्रेमराजच्या पहिलीच्या पुस्तकामुळे, तो गिरवायचा आणि मी चुलीपुढे बसून त्याच्याबरोबर गिरवायची. आता वाचनालयातली पुस्तकं आणून वाचते. गावात कोणी हसतं, कोणी नाही.

मनूच्या शाळेतल्या बाईंनी पोरांना रानफुलं वाटून दिली हे चांगलं केलं. मनूच्या वाट्याला भेंडीच्या कुळातली आली. लोकांच्या तोंडची नावं, त्यांचे अर्थ, आणि एकेक वाळवलेलं फूल. जळगावात हे कुठून आणायचं म्हणून तुला माझी आठवण झाली. झाली ना, तेवढं पुरे.

तिच्यासाठी वेगळा कागद लिहिला आहे. खाली माझं नाव नाही, ‘सोनगीरच्या एक बाई’ एवढंच आहे. मनू तेजसरावांना पप्पा म्हणते, आणि तेच तिचे वडील असं तिला वाटतं, तर तसं राहू दे. प्रेमराज गेल्यावर मीच, सासू असून, तुझ्या माहेरी जाऊन सांगितलं होतं की पोरगी पंचविशीची आहे, तिचा पाट लावू. साडी मी घेतली, हळद मी लावली. त्यात आता मागे फिरायचं काही नाही. तुझं जळगावचं घर मी पाहिलेलं नाही, पण चांगलंच असेल.

एक मात्र सांगून ठेवते. श्रावणात कानबाई देवी बसते तेव्हा रोटाच्या पोळ्यांसाठी मनूची मूठ मी अजून घेते. भाऊबंदांच्या गव्हात माझ्या घरच्या दोन मुठी पडतात, एक माझी, एक तिची. ज्याच्या नावाची मूठ, तो त्या घरचा, एवढाच त्याचा अर्थ. तिच्या वाटचा रोट बाहेर कोणाला देता येत नाही म्हणून गायीला देते. त्याचा कोणाला त्रास नाही. तेवढं माझ्याकडे राहू दे.

आज पेटारी पाठवते. मनूच्या कागदावर लिहिलंय तेच तुलाही लिहिते. फूल पिवळं, दुपार कलल्यावर उमलतं, गुरं घरी यायच्या वेळेला. फळाला कप्पे कप्पे असतात आणि कप्प्यात बी, झाकणाच्या पेटाऱ्यासारखं, म्हणून पेटारी. कोणी करंडी म्हणतात. कोणी मुद्रा म्हणतात, कारण फळ कशावर दाबलं की गोल शिक्का उमटतो. पुस्तकात तिला अतिबला म्हटलंय, खूप बळ असलेली. तीन फुलं आणि दोन बोंडं रद्दी पेपरात ठेवली आहेत. पाकिटावर दाब पडू देऊ नको.

मी बरी आहे.

बाई


सोनगीर,
८ डिसेंबर २०२४

नूतन,

फोनवर तू रागावून बोललीस. मी ऐकून घेतलं, कारण तू घाबरली होतीस.

मनूने काल तुझ्या पोळीच्या कणकेवर पेटारीचं बोंड दाबलं. मध्ये नाही, कडेला दाबलं, आणि म्हणाली, “ही माझी.” तुला वाटलं मी कागदात चोरून लिहिलं असेल. कागद तुझ्याकडेच आहे, परत वाच. मी फक्त शिक्का उमटतो एवढं लिहिलं. कडेला दाबायचं हे मी लिहिलेलं नाही. ‘ही माझी’ हे तर नाहीच नाही.

तुला आठवतं तसं मलाही आठवतं. कानबाईचे रोट लाटत होतो, ती आपल्या बापाच्या मांडीवर, दोन वर्षांचीही नव्हती. मोठ्यांचे रोट मोठे, तिचा एवढासा. ती सगळ्यांचेच ओढायला लागली तेव्हा प्रेमराजने बांधावरून वाळलेलं बोंड आणलं आणि तिच्या रोटाच्या कडेला दाबलं. “हा मनूचा,” म्हणाला. सुंदरबाई ओरडली त्याच्यावर. “देवीना रोटले काय खेळ समजी ऱ्हायना रे?” तो म्हणाला, “काकू, देवीले बी कळाले पाहिजे ना, कोना कोनता शे!” सुंदरबाई माझी जाऊ, हसायचं नाही असं ठरवूनच जन्माला आलेली, तीसुद्धा पदर तोंडाला लावून हसली.

त्यानंतर दोन महिन्यांत तो गेला.

एवढ्या लहानपणीचं कोणाला आठवत नाही म्हणतात. मीही तेच समजत होते. पण त्याच्यानंतर तू तिला घेऊन दीड वर्ष इथेच होतीस ना, तेव्हा ती बोंडं हातात घेऊन अंगणात चिखलावर दाबत बसायची. आपण दोघी बघायचो आणि एकमेकींकडे बघायचो नाही. तिच्या मनाला आठवत नसेल, नूतन. हाताला आठवत असेल. हाताला काय सांगणार आपण?

मी काही बोलणार नाही. तू विचारलंस की ती परत विचारेल तर काय सांगू. सांग की सगळी पोरं असंच करतात. खोटं नाही ते, आमच्या गावातली करतात.

आजची दोन. चिकणा, पिवळं बारीक फूल, पान चुरगाळून पाण्यात टाकलं की पाणी बुळबुळीत होतं, म्हणून चिकणा. पुस्तकात बला. उपटायला गेलं तर दोन्ही हात लागतात, मुळाची पकड तशी. आम्ही त्याचे खराटे करायचो. दुसरी वनभेंडी, गुलाबी. तिच्या फळाला आकडे असतात, लुगड्याच्या काठाला चिकटून घरापर्यंत येतात. ती मला किल्ल्याखालच्या ओढ्याला सापडली. फूल काढताना पाय घसरला, पण फार काही नाही. अंबाडीचं फूलही घातलं आहे. ती रानफूल नाही, पेरलेली असते, पण पिवळ्याच्या मध्ये गर्द डोळा आहे, मनूला आवडेल. आंबट पानावरून अंबाडी, असं मला वाटतं. नक्की माहीत नाही, तसं तिच्या कागदात लिहिलं आहे.

थंडी पडली. तिला स्वेटर घालून पाठवत जा.

बाई


सोनगीर,
१७ जानेवारी २०२५

नूतन,

पाकीट मिळालं. वर तुझं अक्षर, आत तिचं. तू ते माझ्यापर्यंत येऊ दिलंस, ही गोष्ट मी लक्षात ठेवीन.

तिचं पत्र पेटीत ठेवलं आहे, पण त्यातलं लिहिते, म्हणजे मी काय वाचलं ते तुला कळेल. “सोनगीरच्या बाई, तुमची फुलं सगळ्यांना आवडली. वनभेंडीची फळं आमच्या वर्गातल्या रुद्रने सरांच्या पाठीला चिकटवली. बाईंनी मला विचारलं की कापूस का नाही, तो पण भेंडीच्या घरचा आहे. मी म्हटलं सोनगीरच्या बाई विसरल्या असतील. तुम्ही विसरलात का? तुमच्या घरी कोण कोण राहतं? तुमची मनस्वी.”

शेवटचे दोन शब्द शाळेत शिकवतात तसे लिहिले आहेत, मला कळतं.

कापूस मी विसरले नव्हते. विसरेन कशी? आपल्या खान्देशात भेंडीच्या घरचं दुसरं काय दिसतं? दाराबाहेर पाय टाकला की तेच. पण माझा हात पुढे गेला नाही. त्याच्यानंतर मी आपल्या रानात कपाशी लावली नाही. मका लावते, बाजरी लावते. मगनभाऊ म्हणतात, “वहिनी, कपाशीचा काय दोष?” माझे दीर आहेत, वाईट बोलत नाहीत. दोष नाहीच. वारा फिरला, एवढंच झालं. सकाळी पूर्वेचा होता, दुपारी उलटा आला, आणि प्रेमराज फवारणीच्या ओळीत मध्येच होता, सगळं औषध त्याच्याच अंगावर आलं. तू जेवण घेऊन गेलीस तेव्हा तो बांधावर पेटारीजवळ बसलेला. “डोळ्यांपुढे पिवळं पिवळं दिसतंय,” म्हणाला, आणि तुला वाटलं फुलांचं बोलतोय. धुळ्याला नेलं. तिसऱ्या दिवशी आणलं.

तुलाच का सांगते हे सगळं, तू तिथे होतीस. लिहिलं की जरा बाहेर येतं. दुसरं कोणाला लिहू?

त्याच्यानंतर मगनभाऊंनी बांधावरची सगळी पेटारी उपटली. ‘पिठ्या ढेकूण तिच्यावर राहतो, तिथून कपाशीवर येतो’ असं कृषी खात्याचे लोकही सांगतात. प्रेमराजलाही सांगायचे. तो उपटायचा नाही, पोरीला बोंडं लागतात म्हणून. एक झुडूप मी अडवून धरलं. त्याचीच फुलं तुला पाठवली.

मनूसाठी हा कागद. आधी तू वाच. नको वाटलं तर देऊ नको, मी विचारणार नाही.

‘मनस्वी, कापूस विसरले नव्हते. तुझ्या बाई बरोबर बोलल्या, तो भेंडीचाच भाऊ आहे. त्याचं फूल पहिल्या दिवशी फिकट पिवळं असतं आणि दुसऱ्या दिवशी गुलाबी होतं. मग गळतं आणि त्याच्या जागी बोंड धरतं. एकाच झाडावर दोन रंगांची फुलं दिसली तर ती कालची आणि आजची समजायची. कापूस या नावाचा अर्थ मला सापडला नाही. सगळ्या नावांचे अर्थ सापडत नाहीत. तसं वहीत लिहिलंस तरी चालेल, बाई रागावणार नाहीत. माझ्या घरी मी राहते आणि ढवळी नावाची गाय राहते. रुद्रला सांग, वनभेंडी केसांना चिकटली तर कापावी लागते.’

एवढंच लिहिलं. तिने विचारलं होतं कोण कोण राहतं. कोण राहत होतं, हे तिने विचारलं नव्हतं.

बाई


सोनगीर,
२६ जुलै २०२५

नूतन,

सहा महिन्यांत काही आलं नाही, मीही लिहिलं नाही. आता तुझं पत्र आलं. तीनदा वाचलं, मग भाकरी करायला बसले, मग परत वाचलं.

तेजसरावांच्या आई म्हणाल्या की या वर्षी त्यांच्याकडे कानबाई बसते आहे आणि मनूची मूठ ते त्यांच्या घरात घेतील. सहा वर्षांत पहिल्यांदा. मागच्या वर्षापर्यंत पोरगी ओट्यावर बसायची आणि घरातले रोट खायचे, हे तू मला कधी सांगितलं नव्हतंस. आता सांगितलंस. बरं केलंस आणि वाईट केलंस.

आणि त्या म्हणाल्या, एका जिवाची मूठ दोन घरांत पडत नाही. सोनगीरला घेत असतील तर आधी ती बंद व्हायला पाहिजे. खरंच आहे. मीही तेच म्हटलं असतं, माझ्याकडे दुसऱ्याचं पोर आलं असतं तर.

तू लिहिलंस, ‘बाई, तुम्ही सांगाल तसं करते. तुम्ही नाही म्हणालात तर मी त्यांना नाही सांगेन.’ असं लिहायला नको होतंस. माझ्यावर टाकलंस. तू हो म्हणाली असतीस आणि मला नुसतं कळवलं असतंस, तर मी चार दिवस रडले असते आणि झालं असतं.

मला राग आला आहे. लपवत नाही. सहा वर्षं त्या पोरीला ओट्यावर बसवलं, आणि इथे माझ्या दोन मुठी पडत होत्या म्हणून ती कोणाच्या तरी घरची होती. ती माझ्याकडची उरलेली शेवटची गोष्ट आहे. फोटो देवघरात आहे, पण फोटो काय, तो मेल्यावर काढून लावतात. मूठ जिवंत माणसाची असते.

कानबाई येत्या रविवारच्या पुढच्या रविवारी आहे. मला विचार करू दे.

सुंदरबाईला सांगितलं. ती म्हणाली, “तू सूनले लेक करी दिधी, आते नात बी दी टाक, मंग हात हालवत बस.” मग जाताना वाटीभर दूध ओट्यावर ठेवून गेली. तिचं असंच आहे.

बाई


सोनगीर,
४ ऑगस्ट २०२५

नूतन,

आज सकाळी कानबाईचं नारळ विसर्जनाला नदीवर नेऊन आले. पाय दुखतात, पण लिहूनच झोपते.

तू वाट बघत असशील, म्हणून आधी सांगते. मनूची मूठ मी घेतली नाही.

गहू निवडायला भाऊबंदांच्या सगळ्या बायका मगनभाऊंच्या ओसरीवर जमल्या. मध्ये सूप. जिची तिची माणसं सांगत एकेक जण मुठी टाकत होती. या वर्षी मगनभाऊंच्या स्वप्नीलला मुलगा झाला, त्याची पहिली मूठ पडली, तेव्हा सगळ्या हसल्या, कारण सुंदरबाईने आजी झाल्याच्या आनंदात दोन्ही हात भरून टाकले. “एक मूठ म्हनजे एकच, व माय, तुन्हा नातू काय हत्ती शे?” असं कोणीतरी म्हणालं.

मग माझी पाळी आली. मी माझी मूठ टाकली. पोत्यात परत हात घातला. सवयीने. मूठ भरलीसुद्धा.

सगळ्यांच्या मुठी झाल्या तशी सुंदरबाई म्हणाली, “बठ्ठास्न्या व्हयन्यात. तुन्ही दुसरी टाक ना.”

मी म्हटलं, “नही.”

“काबरं? पोरनी नही का?”

“ती आते तिना घर शे.”

मला वाटलं होतं सुंदरबाई काहीतरी टोचून बोलेल. ती सुपातले खडे काढत राहिली. त्यात खडा एकही नव्हता.

मी पोत्यातच मूठ उघडली. गहू गव्हात पडला की आवाज होत नाही.

का, ते तुला सांगते, म्हणजे तू मनाला लावून घेणार नाहीस. तुझ्या पत्रातली ती ओट्यावर बसलेली पोरगी माझ्या डोळ्यांपुढून जाईना. मी इथे तिच्या नावाची मूठ टाकायची, गायीला रोट घालायची, आणि मला बरं वाटायचं. मला वाटायचं. ती तिकडे घरातल्या लोकांचं खाणं बघत बसायची. अशी मूठ कोणाच्या कामाची? प्रेमराज असता तर रोट खातं कोण, म्हणून त्याने मला विचारलं असतं, “माय, रोट गाय खास का मनू खास?” तो असाच बोलायचा.

तुमच्याकडेही काल रोट झाले असतील. तिची मूठ घेताना तू जवळ होतीस का, मुठीत गहू नीट भरला का, हे मला कळवू नको. भरला असेल, असं समजते.

एक काम कर. रोट पौर्णिमेपर्यंत संपवायचे असतात, म्हणजे अजून पीठ असेल. तिचा एक रोट तिला लाटू दे. बोंड मी इथून पाठवत नाही, पाठवायची गरज नाही. तुमच्या गल्लीच्या तोंडाशी पाण्याची टाकी आहे ना, तिच्या मागे भिंतीला लागून पेटारी आपोआप उगवली आहे. चांगली कमरेएवढी आहे. गेल्या वर्षीची वाळलेली बोंडं तिच्यावर असतात. तुझी सासू दुपारी झोपते तेव्हा मनू तिथेच दोरीच्या उड्या मारते, निळ्या फ्रॉकमध्ये. तिला दोन पावलंही जायला नको.

कुठे दाबायचं ते सांगू नको. तिचं तिला येईल.

बाई